फिंजान केव्हा हलवायचा? अमिराती कॉफीविषयी वाचकांचे प्रश्न

या महिन्यात आलेल्या पत्रांपैकी बरीच पत्रे संयुक्त अरब अमिरातीतील कॉफीविषयी आहेत. कोणाची मुले तिथे नोकरीला आहेत, कोणी नुकतेच दुबई पाहून आले आहेत, तर कोणी लवकरच जाणार आहेत. मी स्वतः नऊ वर्षे दुबईत नोकरी केली आणि त्या काळात तिथल्या घरांतली आणि दुकानांतली कॉफी मनापासून प्यायलो, त्यामुळे ही उत्तरे लिहिताना मला विशेष आनंद होत आहे. अरबीतला 'कहवा' हा शब्द आखाती बोलीत 'गहवा' असा उच्चारला जातो. पुढे तोच उच्चार वापरला आहे.

प्रश्न : माझी मुलगी अबुधाबीत नोकरी करते. तिच्या एका अमिराती सहकारिणीने तिला घरी बोलावले होते. तिथे इवल्याशा पेल्यात जेमतेम तळ झाकेल एवढी कॉफी मिळाली आणि पेला रिकामा झाला की लगेच पुन्हा ओतली जाऊ लागली. नाही म्हणणे बरे दिसणार नाही म्हणून ती सात पेले प्यायली आणि रात्रभर जागी राहिली. इतकी थोडी कॉफी ओतण्याचे कारण काय, आणि नको असल्यास काय करायचे?

आपल्या मुलीचे काहीच चुकलेले नाही. एक खूण तेवढी तिला कोणी सांगितली नव्हती. त्या बिनकानाच्या पेल्याला 'फिंजान' म्हणतात. पुरे झाले असे सांगायचे असेल तर रिकामा फिंजान परत देताना तो बोटांत धरून दोन-तीन वेळा डावीउजवीकडे हलवायचा. तेवढे केले की वाढणारी व्यक्ती फिंजान घेऊन जाते. न हलवता पुढे केलेल्या फिंजानाचा अर्थ 'आणखी चालेल' असा होतो आणि यजमानाला तो भरावाच लागतो. म्हणजे त्या संध्याकाळी आपली मुलगी संकोचाने पीत होती आणि तिची मैत्रीण रीतीला धरून ओतत होती. दोघींच्याही मनात आदरच होता.

थोडी ओतण्यामागचे कारण मला अल ऐन इथल्या एका घरी समजले. मजलिशीत, म्हणजे पाहुण्यांच्या बैठकीत, आम्ही पाच-सहा जण भिंतीलगतच्या गाद्यांवर बसलो होतो आणि यजमानांचा चौदा-पंधरा वर्षांचा मुलगा गहवा वाढत होता. डाव्या हातात पितळेची दल्ला, उजव्या हातात एकात एक बसवलेले चार फिंजान. दल्ला म्हणजे लांब, खाली वळलेल्या चोचीचे कॉफीपात्र. तो वाकायचा, चोच फिंजानाजवळ आणायचा, मग हात किंचित वर नेऊन पिवळसर धार सोडायचा आणि मनगटाच्या एका झटक्याने ती तोडायचा. माझ्या वेळी त्याचा हात जरा चुकला आणि फिंजान अर्ध्याहून जास्त भरला. समोर बसलेल्या त्याच्या आजोबांनी काहीतरी अगदी हळू म्हटले. मुलाने तो फिंजान माझ्यापुढून मागे घेतला, दुसरा काढला आणि त्यात पाव भागच गहवा ओतून तो उजव्या हाताने मला दिला. नंतर यजमानांनी मला समजावून सांगितले की भरलेला फिंजान म्हणजे 'एवढे घ्या आणि निघा' असे सांगण्यासारखे असते. थोडे ओतले म्हणजे पुन्हा ओतावे लागते. पुन्हा ओतायचे म्हणजे पुन्हा पाहुण्यासमोर वाकायचे, त्याच्याकडे पाहायचे, त्याची विचारपूस करायची. शिवाय फिंजानाला कान नसल्यामुळे काठोकाठ भरला तर तो बोटांत धरवत नाही, आणि थोडी कॉफी पिऊन होईपर्यंत उरलेली दल्लेत गरम राहते. व्यवहार आणि आदर या रीतीत इतके एकजीव झाले आहेत की आधी कोणते आले असेल हे सांगणे अवघड आहे.

किती प्यावी यालाही संकेत आहे. निदान एक फिंजान घ्यावा आणि सहसा तीनच्या पुढे जाऊ नये. जुन्या बदावी, म्हणजे वाळवंटातल्या भटक्या अरबांच्या, परंपरेत या फिंजानांना नावे आहेत. पाहुण्याला देण्याआधी यजमान स्वतः चाखून पाहतो तो 'हैफ', पाहुण्याचा पहिला तो 'दैफ', दुसरा 'कैफ' आणि तिसरा 'सैफ'. दैफ म्हणजे पाहुणा. कैफ हा शब्द आपल्याकडेही आहेच. तिकडे त्याचा अर्थ मजेचा, सुखाचा फिंजान. सैफ म्हणजे तलवार: हा फिंजान प्यायलेला माणूस संकटात यजमानाच्या बाजूने उभा राहील, असे त्यातून मानले जाई. आजच्या शहरी घरांत ही नावे कोणी मोजत बसत नाही, पण वडीलधाऱ्यांना ती पाठ असतात आणि विचारले की ते अगदी खुलून सांगतात.

आणखी एक गोष्ट मुलीला जरूर सांगा. न पिता फिंजान खाली ठेवून देऊ नये. एखादी मोठी विनंती घेऊन, उदाहरणार्थ मुलीला मागणी घालायला, आलेला पाहुणा पूर्वी फिंजान तसाच समोर ठेवी. मग यजमान कारण विचारी आणि मागणी मान्य असेल तर 'आपली कॉफी घ्या' असे म्हणे. त्यामुळे न प्यायलेला फिंजान पाहिला की जुन्या पिढीतले यजमान आजही अस्वस्थ होतात.

प्रश्न : गहवा दिसायला कॉफीसारखा वाटत नाही, रंग पिवळसर आणि वास वेलदोड्याचा. त्यात नेमके काय असते? घरी करता येईल का?

कॉफीच असते, आणि ती अस्सल अरेबिका जातीची. फरक भाजणीत आहे. आपल्या ओळखीची कॉफी काळपट होईपर्यंत भाजलेली असते; गहव्यासाठी बिया हलक्या भाजतात, फिकट तपकिरी झाल्या की उतरवतात. परंपरेने हे काम लोखंडाच्या उथळ तव्यात, निखाऱ्यांवर, लांब दांड्याच्या पळीने बिया हलवत होते. अमिराती बोलीत या पात्राला 'तावा'च म्हणतात, हे ऐकून मला फार आपलेपणा वाटला होता. भाजलेल्या बिया खलबत्त्यात जाडसर कुटायच्या. हा खलबत्ता धातूचा असतो आणि कुटणारा त्यावर ताल धरतो. त्या घणघणाटावरून शेजाऱ्यांना समजे की या घरी कॉफी होते आहे आणि यायला हरकत नाही. मग मोठ्या दल्लेत पाण्याबरोबर कॉफी उकळायची आणि गाळ खाली बसला की वरचा अर्क वाढण्याच्या लहान दल्लेत घ्यायचा. चोचीतून चोथा येऊ नये म्हणून तिच्या तोंडाशी खजुराच्या झाडाच्या तंतूंचा बोळा बसवण्याची पद्धत होती.

घरी करायचा असेल तर हलक्या भाजणीच्या बिया मिळवणे हीच खरी अडचण आहे. गडद भाजलेल्या पुडीचा गहवा कडू होतो, मग त्यात काहीही घाला. बिया मिळाल्या तर तीन कप पाण्याला तीन मोठे चमचे जाडसर पूड घालून मंद आचेवर दहा ते पंधरा मिनिटे उकळू द्या, खाली उतरवून पाच मिनिटे निवळू द्या, मग ताज्या कुटलेल्या वेलदोड्याचा एक मोठा चमचा आणि केशराच्या चार-पाच काड्या घालून पुन्हा एक हलकी उकळी आणा. काही घरांत एखादी लवंग किंवा थोडे गुलाबपाणीही घालतात. साखर मात्र घालायची नाही. गोडी सोबतच्या खजुरातून येते: आधी खजूर खायचा, तोंडात त्याची गोडी असतानाच कडसर गहव्याचा घोट घ्यायचा. खजुरासह फळे आणि गोड पदार्थ मांडून पाहुण्यापुढे जे ताट येते त्याला 'फुआला' म्हणतात. गहवा नुसता पिऊन 'यात काय विशेष' असे म्हणणाऱ्यांनी तो खजुराबरोबर पिऊन पाहिलेला नसतो, असा माझा अनुभव आहे.

प्रश्न : दुबईहून आलेल्या भावाने एक दिर्हमचे नाणे दिले. त्यावर सुरईसारखे एक भांडे आहे. ते काय?

ती दल्लाच आहे. 1971 मध्ये संघराज्य स्थापन झाले आणि 1973 मध्ये त्याने स्वतःचे चलन काढले, तेव्हापासून एक दिर्हमच्या नाण्यावर दल्ला आहे. पन्नास फिल्सच्या, म्हणजे अर्ध्या दिर्हमच्या, नाण्यावर तेलविहिरींचे मनोरे आणि पंचवीस फिल्सच्या नाण्यावर हरीण आहे. तेलाच्या उत्पन्नावर उभ्या राहिलेल्या देशाने रोजच्या हाताळणीतल्या सर्वांत मोठ्या नाण्यासाठी कॉफीचे भांडे निवडले, याचे मला कौतुक वाटते. आपल्या वाचकांना आणखी एक गोष्ट रोचक वाटेल: 1966 पर्यंत या भागात रुपया चालत होता. म्हणजे आजच्या आजोबांनी तरुणपणी कॉफीच्या बिया आणि वेलदोडे घेतले ते रुपये मोजून.

प्रश्न : अमिरातीत कॉफी पिकत नाही, वेलदोडाही पिकत नाही, केशरही नाही. मग ही कॉफी त्यांची कशी? युनेस्कोने तिला मान्यता दिली ती कशाच्या आधारावर?

प्रश्न रास्त आहे. अरेबिका कॉफीचे मूळ इथिओपियात. पेय म्हणून तिचा प्रसार पंधराव्या शतकात येमेनमधल्या सूफींनी केला. रात्रीच्या साधनेत जाग राहावी म्हणून ते ती पीत आणि तिथून ती मक्का, कैरो अशी पसरत गेली. वेलदोडा पूर्वी केरळातून जहाजाने येई; आज आखाती बाजारात ग्वातेमालाचा वेलदोडा मोठ्या प्रमाणावर दिसतो. केशराची वाट इराणकडून. वाळवंटातल्या माणसाच्या वाट्याला पाणी, जळण आणि खजूर आले होते, आणि त्यांतही पाणी व जळण मोजकेच. अशा ठिकाणी दूरवरून विकत आणलेल्या बिया, दुर्मीळ लाकूड जाळून, विहिरीतून शेंदलेल्या पाण्यात उकळून अनोळखी वाटसरूला देणे म्हणजे आपल्याजवळचे सर्वांत मोलाचे ते देणे होते. त्या देण्याच्या पद्धतीवर त्यांचा हक्क आहे, बियांवर नव्हे.

युनेस्कोनेही याच अंगाने पाहिले. 2015 मध्ये अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत जी नोंद झाली, तिचे नाव 'अरबी कॉफी, औदार्याचे प्रतीक' असे आहे आणि ती अमिराती, सौदी अरेबिया, ओमान व कतार यांच्या संयुक्त प्रस्तावावर झाली. त्याच वर्षी याच चार देशांच्या वतीने 'मजलिस' या बैठकीच्या परंपरेचीही स्वतंत्र नोंद झाली. पेय आणि ते जिथे प्यायचे ती जागा, दोन्ही एका वर्षी नोंदली गेली हे मला फार योग्य वाटते. लहान मुलांनी ज्येष्ठांबरोबर बाजारात जाऊन बिया निवडायला शिकणे हाही या वारशाचाच भाग मानला आहे.

प्रश्न : मी निवृत्त बँक अधिकारी आहे. मुलाकडे दुबईला गेलो असता तो मला अल कूझ भागातल्या एका गोदामवजा कॉफीघरात घेऊन गेला. तिथे काचेच्या भांड्यात बिनदुधाची, बिनसाखरेची, चहासारखी पातळ कॉफी मिळाली आणि बिल झाले 35 दिर्हम. मुलगा म्हणाला, ही 'स्पेशालिटी' कॉफी आहे. यात विशेष ते काय? आणि ज्यांच्याकडे गहव्यासारखी परंपरा आहे, त्यांना याची गरज का पडली?

आधी शब्दाचा अर्थ. 'स्पेशालिटी कॉफी' हा शब्दप्रयोग 1974 मध्ये एर्ना नुट्सन या अमेरिकेतील कॉफी-व्यापारी बाईंनी रूढ केला. विशिष्ट हवामानात व मातीत वाढलेल्या बियांना त्यांची स्वतःची अशी चव असते, हे त्यांना सांगायचे होते. आज त्यासाठी शंभर गुणांची परीक्षा आहे. प्रशिक्षित परीक्षक ठरावीक पद्धतीने कॉफी चाखतात आणि 80 किंवा अधिक गुण मिळाले तर ती स्पेशालिटी म्हणवते. म्हणून अशा दुकानांत पिशवीवर देश, मळा, समुद्रसपाटीपासूनची उंची, वाण, आणि फळ सालीसकट वाळवले की आधी धुतले, हे सर्व छापलेले असते. बिया हलक्या भाजतात, कारण जास्त भाजले की सगळ्या मळ्यांची कॉफी एकसारखीच, भाजल्याच्या चवीची लागते. आपल्याला ती चहासारखी वाटली याचे कारण हेच. ती पातळ होती म्हणून नव्हे.

आपण पाहिलेली कृती बहुधा अशी असणार. मी ती अनेकदा शेजारी उभे राहून पाहिली आहे. तराजूवर काचेचे भांडे, त्यावर शंकूच्या आकाराची गाळणी आणि कागद. कागदाचा वास जावा म्हणून आधी त्यावरून गरम पाणी ओतून ते फेकून देतात. मग पंधरा ग्रॅम ताजी दळलेली पूड. नव्वद अंश सेल्सिअसच्या वर, पण उत्कलनबिंदूच्या खाली ठेवलेले पाणी बारीक चोचीच्या किटलीतून आधी फक्त पूड भिजेल इतके सोडतात आणि अर्धा मिनिट थांबतात. त्या वेळात पूड फुगून वर येते, तिच्यावर बुडबुडे धरतात आणि फळासारखा वास सुटतो. त्यानंतर गोल गोल फिरवत, आकड्यावर नजर ठेवून एकूण अडीचशे ग्रॅमच्या आसपास पाणी ओततात. सारे तीन-साडेतीन मिनिटांचे काम, पण त्यात ओतणाऱ्याची नजर एकदाही हलत नाही. दल्लेची चोच आणि या किटलीची चोच एकमेकींशेजारी ठेवून पाहाव्यात असे मला नेहमी वाटे. दोन्ही हातांना धारेवर तोच ताबा लागतो.

पैशांचे म्हणाल, तर 35 दिर्हम ही तिथल्या मानानेही महागच कॉफी आहे. 25 दिर्हमांच्या आसपास बरी कॉफी मिळते. बियांची किंमत, जागेचे भाडे, परदेशी यंत्रे आणि एका पेल्यामागे एका प्रशिक्षित माणसाची पाच मिनिटे, या सगळ्याची ती बेरीज असते. त्याच रस्त्यावर एक-दोन दिर्हमांना कडक 'करक' चहा मिळतो, आणि तोही तिथल्या लोकांना तितकाच प्रिय आहे. गाडीतूनच हॉर्न वाजवायचा, पोऱ्या काचेपाशी येतो, कागदी पेले घेतले की गाडी पुढे. अमिराती तरुण या दोन्ही ठिकाणी तितक्याच सहजपणे जातो.

गरज का पडली, याला माझे उत्तर असे आहे. दुबई हे व्यापाराचे बंदर. इथिओपिया आणि येमेन या कॉफीच्या दोन्ही मूळ भूमी तिथून जवळ. उन्हाळ्याचे चार-पाच महिने दिवसा बाहेर बसणे अशक्य, आणि मद्यपान धर्माने वर्ज्य. त्यामुळे संध्याकाळी मित्रांनी भेटायचे कुठे, तर थंडगार कॉफीघरात. साखळी-दुकाने आधीपासून होतीच. 2007 मध्ये 'रॉ कॉफी कंपनी'ने दुबईत स्वतः बिया भाजायला सुरुवात केली आणि अल कूझच्या गोदामांच्या वस्तीतून ही चळवळ वाढली. तिथेच, जुन्या संगमरवर कारखान्याच्या जागेवर उभ्या राहिलेल्या अल सरकाल अव्हेन्यूच्या कलादालनांमध्ये 'नाइटजार'सारखी भाजणीघरे आली. 2019 मध्ये 'दुबई मल्टी कमोडिटीज सेंटर' या सरकारी व्यापारकेंद्राने जबल अली इथे कॉफी केंद्र उघडले: नियंत्रित तापमानाची साठवण, भाजणी, चाखून गुण देण्याची प्रयोगशाळा आणि प्रशिक्षण, सगळे एका छपराखाली. जानेवारी 2022 मध्ये 'वर्ल्ड ऑफ कॉफी' हे मोठे प्रदर्शनही दुबईत भरले. व्यापारी बाजू अशी.

पण चवीची बाजू मला अधिक महत्त्वाची वाटते. इटालियन पद्धतीची गडद एस्प्रेसो ज्यांनी लहानपणापासून प्यायली, त्यांना हलकी भाजणी नवी आणि विचित्र वाटते. अमिराती माणसाला ती अजिबात परकी नाही. त्याच्या घरी बिया पिढ्यान्‌पिढ्या हलक्याच भाजल्या गेल्या, बिनदुधाच्या, बिनसाखरेच्या प्यायल्या गेल्या, आणि घरात कोणीतरी बिया पारखणारे होतेच. फरक आहे तो वेलदोड्याचा. स्पेशालिटीवाले म्हणतात, मसाल्याने बीची मूळ चव झाकली जाते. घरातली आजी म्हणते, वेलदोड्यावाचून तो गहवाच नव्हे. माझा कौल आजीकडे आहे; मात्र आता काही भाजणीघरे एकाच मळ्याच्या इथिओपियन किंवा येमेनी बिया घेऊन, वेलदोडा हात राखून घालून गहवा करतात, आणि त्यात दोघींची, म्हणजे बीची आणि वेलदोड्याची, चव लागते हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. तरीही तिथे खूप खपते ती आटवलेल्या गोड दुधाची, बर्फ घातलेली 'स्पॅनिश लाटे'. उकाड्यात ती चांगली लागते, आणि तिच्या खपावरच अनेक दुकानांना महागड्या बिया आणणे परवडते.

प्रश्न : मी हॉटेल व्यवस्थापनाची विद्यार्थिनी आहे आणि पुढे अमिरातीत कॉफीघरात काम करण्याचा विचार आहे. या नव्या दुकानांमुळे जुनी परंपरा संपते आहे का?

परंपरा संपताना मला दिसली नाही. लग्न, ईद, शोक, सरकारी कार्यालयातली भेट, अगदी मोटारींच्या दालनात गाडी घ्यायला आलेले गिऱ्हाईक, या सगळ्यांत गहवा असतो. घरोघरी आता दल्लेच्या आकाराचे थर्मास आले आहेत, तव्याच्या जागी तयार पूड आली आहे, आणि हे बदल मला वाईट वाटत नाहीत. ज्या घरात सकाळपासून रात्रीपर्यंत माणसांची ये-जा असते, तिथे थर्मास ही मोठीच सोय आहे.

मला काळजी वाटते ती ओतणाऱ्या हाताची. गहवा वाढणाऱ्याला 'मुगहवी' म्हणतात आणि ते मानाचे काम आहे. तो बसत नाही, फिंजान रिकामा राहू देत नाही, कोणाला आधी द्यायचे ते जाणतो: सर्वांत ज्येष्ठ किंवा मुख्य पाहुण्यापासून सुरुवात करतो. घरी यजमानाचा मुलगा हे काम करतो तेव्हा त्याला घरी आलेल्या माणसाशी कसे वागायचे याचे शिक्षण त्यातूनच मिळते. एका मोठ्या मॉलमधल्या दुकानात मला 'पारंपरिक गहवा' म्हणून कागदी पेल्यात, काठोकाठ भरून, वर झाकण लावून दिला गेला. पूड चांगली होती, वेलदोडाही ताजा होता. पण अल ऐनच्या त्या आजोबांना तो पेला पाहून काय वाटले असते, या विचाराने माझ्या घशाखाली तो उतरला नाही.

आता तुमच्या बाजूने. या देशात दहापैकी जवळपास नऊ माणसे बाहेरून आलेली आहेत, आणि कॉफीघरांच्या ओट्यामागे तुम्हाला फिलिपिन्स, नेपाळ, इथिओपिया, केनिया, भारत अशा ठिकाणची मुलेमुली दिसतील. मालक मात्र आता मोठ्या संख्येने तरुण अमिराती आहेत, त्यांत स्त्रियाही आहेत, आणि काही मालक स्वतः बिया भाजतात. म्हणजे परंपरा ज्यांची, त्यांच्या वतीने ओतणार तुम्ही. म्हणून एस्प्रेसो यंत्र आणि दुधाचा फेस यांच्याबरोबर गहवा वाढायची रीतही नीट शिकून घ्या: दल्ला डाव्या हातात, फिंजान उजव्या, पाव भाग, ज्येष्ठ आधी, हलवलेला फिंजान लगेच परत. शक्य असेल तर पाच-पन्नास अरबी शब्दही. मुलाखतीत याचा उपयोग होईल. आणि एखादे वयस्क गृहस्थ नातवंडांसोबत दुकानात येतील, तेव्हा तर नक्कीच होईल.

कॉफीघरात जरा लक्ष ठेवून पाहिलेत तर आणखी एक गोष्ट दिसेल. चार अमिराती मित्र उठतात तेव्हा बिलासाठी ओट्यापाशी अक्षरशः झटापट होते. बिल वाटून घेणे तिथे जवळजवळ नाहीच. जो बोलावतो तो यजमान, उरलेले त्याचे पाहुणे, मग जागा घरची मजलिस असो की अल कूझचे गोदाम. मागवतानाही खजूर, केक, दुसऱ्या कॉफ्या असे टेबल भरून मागवतात, कारण पाहुण्यापुढचे ताट रिकामे दिसता कामा नये. हे पाहिले की विकत मिळणाऱ्या कॉफीभोवतीही त्यांनी आपली बैठक उभी केली आहे, याबद्दल मला शंका राहत नाही.

प्रश्न : रमजानमध्ये आम्ही दोघे दुबई आणि अबुधाबीला जाणार आहोत. त्या दिवसांत हे सर्व पाहायला मिळेल का? कुठे जावे?

मिळेल, वेळा सांभाळा. 2021 पासून दुबईतल्या खाद्यगृहांना दिवसा पडदे लावण्याची सक्ती नाही, त्यामुळे बरीच कॉफीघरे उघडी असतात. तरी रस्त्यात, मेट्रोत, उपवास करणाऱ्यांसमोर पिणे टाळावे. खरी गर्दी सूर्यास्तानंतर आणि मग पहाटेच्या सहरीपर्यंत, म्हणजे उपवास सुरू होण्याआधीच्या जेवणापर्यंत. रात्री अकरा वाजता कॉफीघरात आजी-आजोबांपासून तान्ह्या बाळापर्यंत सगळे कुटुंब बसलेले पाहून चकित होऊ नका.

दुबईत अल फहिदी या जुन्या वस्तीत पायी फिरा. तिथे एका जुन्या वाड्यात कॉफी संग्रहालय आहे. देशोदेशीचे तवे, कॉफी दळण्याची जाती, दल्ला पाहता येतात. जवळच 1998 पासून चालणारे 'शेख मोहम्मद सेंटर फॉर कल्चरल अंडरस्टँडिंग' आहे. तिथे अंगणात बसवून जेवण देतात, गहवा वाढतात आणि अमिराती यजमान पाहुण्यांच्या कोणत्याही प्रश्नाला उत्तर देतात. रमजानमध्ये इफ्तारही असतो, पण जागा आधी राखून ठेवावी लागते. अबुधाबीत कस्र अल होस्न या जुन्या किल्ल्याच्या आवारात 'बैत अल गहवा' आहे. तिथे बिया भाजण्यापासून ओतण्यापर्यंत सगळे समोर बसून पाहता येते. एकाच ठिकाणी जाण्याइतका वेळ असेल तर मी तिथेच जाईन.

इफ्तारच्या वेळी तोफ होते, बांग होते आणि पुढे केलेल्या ताटलीतला खजूर आधी उचलायचा असतो, विषम संख्येने. मग पाणी, मग नमाज, जेवण, आणि गहवा त्यानंतर सावकाश. तो आला की उजव्या हाताने घ्या. तुमच्यापैकी ज्याला जास्त नको असेल त्याने पहिला एक फिंजान पिऊन तो हलवून परत द्यावा, आणि ज्याला आवडला त्याने दुसऱ्यासाठी नुसताच पुढे करावा.